वेशीबाहेरचा रोग

मराठी वाङ्मयाच्या अभ्यासकास हॅरी आर्बथनॉट ॲक्वर्थ हे नाव पोवाड्यांमुळे ठाऊक असते. शंकर तुकाराम शाळिग्राम यांच्या साहाय्याने या इंग्रज सनदी अधिकाऱ्याने जमविलेले ऐतिहासिक पोवाडे १८९१ साली ग्रंथरूपाने प्रसिद्ध झाले, त्यांपैकी निवडक पोवाड्यांचे त्याने केलेले इंग्रजी पद्यानुवाद १८९४ साली विलायतेत छापले गेले, आणि अफझलखानाच्या वधाचा किंवा सिंहगडाचा पोवाडा आज आपण सहज उघडून वाचू शकतो याचे थोडेबहुत श्रेय त्याच्या खटपटीकडे जाते. वडाळ्याच्या बाजूने जाणाऱ्या मुंबईकरास मात्र हे नाव ठाऊक असलेच तर ते निराळ्या कारणाने असते. कारण तिथल्या महारोग्यांच्या रुग्णालयावर ते कोरलेले आहे. मुंबईच्या म्युनिसिपल कमिशनरच्या खुर्चीवर असताना, १८९० साली, ॲक्वर्थने तेव्हा शहराच्या अगदी कडेला असलेल्या माटुंग्याच्या परिसरात बेघर महारोग्यांसाठी आश्रम उभारला, आणि पुढे तो त्याच्याच नावाने ओळखला जाऊ लागला. एकाच हाताने एकीकडे मावळे आणि शाहीर विस्मृतीतून वर काढावेत आणि दुसरीकडे शेकडो हाडामांसाची माणसे रस्त्यावरून उचलून दृष्टीआड ठेवावीत, हा योगायोग मला नेहमीच विचार करायला लावणारा वाटतो. ॲक्वर्थ दुष्ट होता असे नव्हे. त्याच्या काळाच्या मानाने तो बराच कनवाळू होता. त्याच्या कनवाळूपणाचे स्वरूप काय होते, आणि त्याच्या आधी व त्याच्यानंतर या देशात महारोग्याच्या वाट्याला काय आले, हे पाहू लागले म्हणजे या रोगाचा इतिहास जंतूंपेक्षा माणसांच्या नजरेचाच अधिक आहे, असे ध्यानात येते.

महारोग्याच्या बहिष्काराचा विषय निघाला की सारा दोष धर्मशास्त्रांच्या माथी मारून मोकळे होण्याची आपल्याकडे चाल पडली आहे. तिला आधार नाही असे म्हणता येणार नाही. विवाहासाठी कुळ निवडताना वर्ज्य मानावयाच्या कुळांत मनूने क्षय, अपस्मार, श्वित्र आणि कुष्ठ असलेल्यांची कुळे गणली आहेत. पूर्वजन्मीच्या कोणत्या पातकाने या जन्मी कोणता रोग जडतो याची कोष्टके कर्मविपाकाच्या ग्रंथांत आहेत. आणि महाराष्ट्रात घरोघर वाचल्या जाणाऱ्या गुरुचरित्रातही कर्मविपाकाचा अध्याय आहेच. तथापि जी परंपरा रोगाला पातकाशी जोडते, तीच परंपरा त्या रोग्यास परतीची वाटही दाखविते, हे आपण विसरतो. त्याच गुरुचरित्राच्या चाळिसाव्या अध्यायात कुष्ठाने पीडित असलेला नरहरी नावाचा ब्राह्मण गाणगापुरी येतो; गुरू त्याला औदुंबराचे एक वाळलेले लाकूड रोवून त्याला नित्य पाणी घालण्याची आज्ञा करतात; लोक त्याला हसतात, तो निष्ठेने पाणी घालीत राहतो, आणि अखेर लाकडाला पालवी फुटते व त्याची कायाही निर्मळ होते. कृष्णपुत्र सांबाची सूर्योपासनेची कथा याच जातीची आहे. वैद्यकाची दृष्टी तर याहून व्यवहारी होती. चरकाने कुष्ठाचे अठरा प्रकार मानून त्यांतील सात महाकुष्ठे व अकरा क्षुद्रकुष्ठे सांगितली, सुश्रुताने कुष्ठाची गणना एका माणसापासून दुसऱ्यास होणाऱ्या रोगांत केली, आणि त्यावर पश्चिम समुद्राच्या तीरी वाढणाऱ्या तुवरक वृक्षाच्या बियांचे तेल सुचविले. कोकणात आणि सह्याद्रीच्या उतारावर कडू कवठ म्हणून जे झाड ओळखले जाते, त्याच्या तेलाचा या रोगावर होणारा उपयोग थेट विसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत, इंग्रजी दवाखान्यांतूनसुद्धा, चालू राहिला.

मग माणूस वेशीबाहेर गेला तो कशाने? माझ्या मते, या प्रश्नाचे उत्तर पोथ्यांत शोधण्यापेक्षा घराच्या रचनेत आणि जमिनीच्या वाटणीत शोधले पाहिजे. ज्या घराला माडी होती, मागील दारची पडवी होती, शेतावर वस्ती होती, त्या घरातला रोगी बहुधा घराच्याच हद्दीत राहिला. त्याचे ताट-तांब्या निराळे झाले, सणासमारंभाला त्याचे दर्शन घडू नये अशी तजवीज झाली, त्याच्या धाकट्या बहिणीचे लग्न उरकेपर्यंत तो ‘तीर्थयात्रेला गेला आहे’ असे पाहुण्यांना सांगितले गेले, पण त्याच्या पोटाला अन्न मिळत राहिले. ज्याचे घर एकाच खणाचे, त्याला मात्र लपवायला जागा नव्हती. त्याने गाव सोडावे, नाहीतर घरच्यांना गावाने सोडावे, यांतून एक निवडण्याची पाळी येई, आणि तो निघे. भाऊबंदकीने या निर्वासनास हातभारच लावला. पूयस्रावी, असाध्य अशा महारोगाने ग्रस्त झालेल्या इसमास दायभागातून वगळण्याचा नियम हिंदू धर्मशास्त्रात होता. इंग्रजी न्यायालयांनी त्याचा अर्थ संकुचित करून केवळ अत्यंत उग्र स्वरूपाचा रोगच वारसा हिरावून घेऊ शकतो असे ठरविले खरे, पण वडिलार्जित शेतीत हिस्सा मागणाऱ्या भावाच्या अंगावर चट्टा आहे एवढ्यावरून दावे उभे राहण्याचे थांबले नाही. हा नियम १९२८ च्या कायद्याने रद्द होईपर्यंत एका चट्ट्याची किंमत एका शेताएवढी होती.

घर सुटलेला रोगी कोठे जाई? तो पंढरपूर, नाशिक, नरसोबाची वाडी, गाणगापूर अशा क्षेत्री जाई. देवावरच्या श्रद्धेने जाई, आणि तिथे पुण्य कमावू इच्छिणारी माणसे दोन पैसे टाकतात म्हणूनही जाई. घाटाच्या पायऱ्यांवर आणि देवळाच्या वाटेवर चिंध्या गुंडाळलेले हात पुढे करून बसलेल्या या रांगा पिढ्यान्‌पिढ्या लोकांनी पाहिल्या, आणि महारोग म्हणजे काय याची जी प्रतिमा महाराष्ट्राच्या मनात ठसली, ती याच रांगांवरून. ती अपुरी होती. अंगावर एखादा सुन्न, फिकट चट्टा असलेला, बोटे शाबूत असलेला, शेतात राबणारा किंवा कचेरीत लिहिणारा रोगी त्या प्रतिमेत कोठेच नव्हता, कारण तो लपला होता. आणि तो लपला होता कारण ती प्रतिमा त्याच्या डोळ्यांपुढे होती. लपल्यामुळे उपचार नाही, उपचार नाही म्हणून विकृती, आणि विकृती आली की घाटाची पायरी, अशा रीतीने लोकांची भीती स्वतःचा पुरावा स्वतःच तयार करीत गेली. पांढऱ्या कोडाचे निरुपद्रवी डाग अंगावर असलेली माणसेदेखील या भीतीच्या फेऱ्यात सापडली, आणि विशेषतः लग्नाच्या मुली सापडल्या, हे या प्रकरणातले आणखी एक दुर्दैव.

सरकारचे लक्ष या रोगाकडे नीटपणे वळले ते १८६० नंतर. १८६७ साली मुंबई इलाख्यातल्या महारोग्यांची सरकारी गणती झाली, आणि तिच्या आधारे जो अहवाल तयार झाला तो लिहिणारा गृहस्थ होता डॉ. हेन्री व्हँडाइक कार्टर. वैद्यकाच्या विद्यार्थ्यांना ग्रेच्या शरीररचनाशास्त्राच्या सुप्रसिद्ध ग्रंथातल्या आकृत्या परिचित असतात. त्या याच कार्टरने काढलेल्या. १८५८ साली तो हिंदुस्थानात आला, मुंबईच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात त्याने अध्यापन केले, आणि पुढे साताऱ्यास सिव्हिल सर्जन असताना त्याने महारोगाचा कसून अभ्यास आरंभिला. कार्टरला एक गोष्ट फार लवकर उमगली होती : गावकामगारांच्या मार्फत केलेल्या गणतीत जे नोंदले जाते त्याहून जे नोंदले जात नाही तेच मोठे असते. पाटील-कुळकर्ण्यांनी कोणाच्या घरातला माणूस दफ्तरी लावायचा आणि कोणाच्या घरातला नाही, हे ठरविण्यात रोगापेक्षा घराण्याचा विचार अधिक झाला असेल, हे सांगायला ज्योतिषी नको. आणि स्त्रियांची संख्या अशा प्रत्येक गणतीत पुरुषांच्या मानाने संशयास्पद इतकी कमी येत राहिली. १८७२-७३ मध्ये कार्टर नॉर्वेस गेला. तिथे बर्गेन शहरी रोग्यांची राष्ट्रीय नोंदवही ठेवलेली होती, आणि त्याच वर्षी, म्हणजे १८७३ मध्ये, आर्मौर हान्सेन या डॉक्टरास रोग्यांच्या गाठींत ते दंडाकृती जंतू आढळले. परत येऊन कार्टरने हिंदुस्थान सरकारला नॉर्वेच्या धर्तीवर आश्रम काढण्याचा आग्रह धरला. सरकारने अहवाल छापला आणि खर्चाची बाब पुढे ढकलली.

पुढील धक्का बसला तो १८८९ साली. हवाई बेटांपैकी मोलोकाई बेटावर महारोग्यांची सेवा करणारा बेल्जियन धर्मोपदेशक फादर डेमियन स्वतः त्याच रोगाने मरण पावला, आणि ही वार्ता साऱ्या इंग्रजी साम्राज्यात विलक्षण वेगाने पसरली. इंग्लंडात राष्ट्रीय निधी उभा राहिला, हिंदुस्थानात हिंडून पाहणी करण्यासाठी एक वैद्यकीय आयोग १८९०-९१ मध्ये धाडण्यात आला, आणि मुंबई-कलकत्त्याच्या वृत्तपत्रांतून रस्त्यांवरील महारोग्यांविरुद्ध तक्रारींचा सूर चढू लागला. ॲक्वर्थचा आश्रम याच वातावरणात जन्मला. पारशी, हिंदू, मुसलमान अशा सर्व थरांतून वर्गण्या आल्या, डॉ. नसरवानजी होरमसजी चोक्सी यांच्यासारखा तळमळीचा वैद्य त्याला लाभला. आवारात रोग्यांकडून शेती करवून घेण्यात आली. त्यांच्या उपासनेचीही सोय झाली. हे सर्व मान्य करूनही एक गोष्ट लपत नाही. आश्रम होता तो बेघर रोग्यांसाठी. ज्याला घर होते, ज्याच्यापाशी पैसा होता, त्याच्या रोगाचा शहराला उपद्रव वाटत नव्हता. तिकडे आयोगाने तर आपल्या अहवालात स्पष्ट लिहून टाकले की या रोगाचा संसर्ग अत्यंत अल्प प्रमाणात होतो आणि रोग्यांना सक्तीने अलग ठेवण्याचे समर्थन करता येत नाही. तरीही भीक मागण्यावर आणि काही धंद्यांवर निर्बंध घालावेत, एवढी सूचना त्याने जोडून दिली. वैद्यकाचे मत एका दिशेला आणि शिफारस दुसऱ्या दिशेला, असे होण्याचे कारण वैद्यकाबाहेर होते.

या शिफारशीचेच पुढे १८९८ च्या कायद्यात रूपांतर झाले. हा कायदा मी जितक्यांदा वाचला आहे तितक्यांदा त्याच्या व्याख्यांपाशी अडखळलो आहे. त्यात महारोगी कोण, तर ज्याच्या अंगावर व्रण फुटावयास सुरुवात झाली आहे तो. आणि दरिद्री महारोगी कोण, तर जो उघड्यावर भीक मागतो, भिक्षेसाठी आपले व्रण दाखवितो, किंवा ज्याला उपजीविकेचे दृश्य साधन नाही असा हिंडताना आढळतो तो. अशा दरिद्री महारोग्यास पोलिसाने वॉरंटावाचून पकडावे, तपासनिसाने तपासावे, आणि मॅजिस्ट्रेटच्या हुकुमाने त्याला आश्रमात डांबून ठेवावे. शिवाय सरकारने जाहीर केलेल्या हद्दीत महारोग्याने खाण्यापिण्याचे जिन्नस, औषधे किंवा कपडे विक्रीसाठी तयार करू नयेत, सार्वजनिक विहिरीवर वा तळ्यावर पाणी भरू नये, अंघोळ करू नये, कपडे धुऊ नयेत, भाड्याच्या गाडीत बसू नये; यांपैकी काही केल्यास वीस रुपयांपर्यंत दंड. रेल्वेचे डबे तेवढे या गाड्यांतून वगळले होते, कारण कंपन्यांच्या उत्पन्नाचा प्रश्न होता की आणखी काही, ते कायद्यात सांगितलेले नाही. जंतूचा शोध लागून पंचवीस वर्षे झाली असताना सरकारने जंतूला हात न लावता फक्त दृश्यावर आणि दारिद्र्यावर कायदा केला. १९२० च्या दुरुस्तीने व्रणांची अट काढून टाकली, म्हणजे कायद्याचे जाळे अधिक पसरले. गावाने जे न लिहिता चालविले होते ते आता शिक्कामोर्तबासह लिहिले गेले; विहिरीवर मज्जाव करणाऱ्या पाटलाच्या हाती कलम आले. वेशीबाहेरची ही वहिवाट जुनी खरी, पण तिला कायद्याचे बळ मिळाले ते इंग्रजी अमदानीत, हे सांगण्यास आपण कचरू नये.

याच सुमाराचा प्लेग आठवून पाहावा. १८९६-९७ च्या त्या साथीने मुंबई-पुण्यात हाहाकार केला, घरे ओस पाडली, प्लेग अधिकारी रँडच्या सोजिरांनी देव्हाऱ्यापर्यंत धडक मारली, आणि रोग्यांची शुश्रूषा करताना सावित्रीबाई फुले यांनी प्राण ठेवला. प्लेग ओसरल्यावर मात्र जो वाचला तो वाचला. त्याला कोणी जन्मभर प्लेगचा माणूस म्हटले नाही. महारोग क्वचितच कोणाला मारतो, आणि म्हणूनच तो आपल्या रोग्याला अनेक वर्षे लोकांच्या दृष्टीपुढे ठेवतो.

या काळात रोग्यांना हात लावला तो प्रामुख्याने मिशनऱ्यांनी. वेल्स्ली बेली या आयरिश गृहस्थाने १८७४ साली स्थापिलेल्या मिशनच्या मदतीने किंवा प्रेरणेने पोलादपूर, मिरज, कोंढवे अशा ठिकाणी रोग्यांची वसतिस्थाने निघाली. रत्नागिरीस पेटिटांच्या देणगीतून आश्रम उभा राहिला. गोव्यात माकाझान येथे पोर्तुगीज अमदानीत डॉ. फ्रॉयलानो द मेलो यांच्या पुढाकाराने रुग्णालय झाले. मिशनच्या आश्रमांत स्त्रीपुरुषांना निरनिराळे ठेवीत, निरोगी मुलांना आईबापांपासून दूर करून वेगळ्या घरात वाढवीत, आणि सकाळसंध्याकाळ प्रार्थना चाले. धर्मांतराच्या भयाने आपल्या समाजाने या संस्थांकडे वाकड्या नजरेने पाहिले. पाहणारांपैकी किती जणांनी एखाद्या रोग्याची जखम धुतली होती, असा उलट प्रश्न त्या काळी फारसा कोणी केलेला दिसत नाही.

तो प्रश्न कृतीने केला तो वर्ध्याच्या एका तरुणाने. विनोबांच्या सहवासात वाढलेल्या मनोहर दिवाण यांनी १९३६ साली वर्ध्याजवळ दत्तपूर येथे महारोगी सेवा मंडळाचे काम आरंभिले. ना मिशन, ना सरकार, ना कोणा शेटजीचे नाव; आश्रमीय शिस्तीत वाढलेला माणूस, सूतकताईइतक्याच नेमस्तपणे पट्ट्या बांधणारा. दत्तपूरच्या कामाचा गवगवा पुढच्या संस्थांइतका कधीच झाला नाही, आणि माझ्या समजुतीप्रमाणे दिवाणांची तशी इच्छाही नव्हती. त्यानंतर तीन वर्षांनी, १९३९ साली, परचुरे शास्त्री सेवाग्रामला आले. हे गृहस्थ संस्कृतचे व्युत्पन्न पंडित होते, गांधीजी येरवड्याच्या तुरुंगात असताना तेही तिथे कैदेत होते, आणि महारोगाने गाठल्यावर त्यांना आश्रमाखेरीज दुसरी जागा उरली नव्हती. ते आश्रमाच्या दाराशी आले तेव्हा गांधीजींपुढे पेच पडला. आश्रमात लहान मुले होती, इतर माणसे होती, आणि आपल्या निर्णयाचे ओझे आपण त्यांच्यावर लादावे काय, हा विचार त्यांना छळत होता. आश्रमवासीयांची संमती घेऊन त्यांनी शास्त्रीबुवांना ठेवून घेतले, आपल्या निवासाजवळ त्यांच्यासाठी कुटी उभारविली, आणि स्वतः त्यांच्या अंगाला नित्य तेल चोळू लागले. त्या मर्दनाचे छायाचित्र देशभर गेले. मला त्या छायाचित्राहून तो आधीचा संकोच अधिक मोलाचा वाटतो. ज्याला भीती ठाऊकच नाही त्याच्या धैर्याचा सामान्य माणसास उपयोग नसतो, आणि गांधींनाही एक दिवस का होईना विचार करावा लागला ही गोष्ट आपल्यासारख्यांना जवळची वाटते. शास्त्रीबुवांनी १९४५ साली दत्तपुरास देह ठेवला. गांधीजींच्या रचनात्मक कार्यक्रमाच्या यादीत महारोग्यांच्या सेवेचे कलम आले, आणि त्यांच्या पश्चात १९५१ साली त्यांच्या स्मारकनिधीतून वर्ध्यासच एक कुष्ठनिवारण प्रतिष्ठान निघाले.

विदर्भाने या बाबतीत उरलेल्या महाराष्ट्रास मागे टाकले, ही वस्तुस्थिती आहे. अमरावतीस डॉ. शिवाजीराव पटवर्धन यांनी १९४६ साली तपोवन उभारले. स्वातंत्र्यलढ्यात तुरुंग पाहिलेल्या या वैद्याने रोग्यांना भिक्षापात्र टाकून देऊन सुतारकाम, विणकाम, शेती यांकडे वळविले. वरोऱ्याचे मुरलीधर देवीदास आमटे वकील होते, नगरपालिकेचे उपाध्यक्ष होते, आणि भंगीकाम करताना एका पावसाळी रात्री रस्त्याकडेला पडलेल्या तुळशीराम नावाच्या महारोग्यास पाहून आपण भ्यालो व पळालो, असे त्यांनी स्वतःच पुढे अनेकदा सांगितले. त्या भीतीचा त्यांनी पाठपुरावा केला. कलकत्त्याच्या उष्ण कटिबंधीय रोगांच्या विद्यालयात जाऊन ते शिकले, जंतू प्रयोगशाळेत वाढत नाहीत म्हणून स्वतःच्या शरीरावर प्रयोग करू देण्यापर्यंत त्यांची मजल गेली, आणि सरकारकडून मिळालेल्या खडकाळ जमिनीवर, मूठभर रोगी आणि एक लंगडी गाय घेऊन, त्यांनी आनंदवन वसविले. संस्था १९४९ ची. उद्घाटन विनोबांच्या हस्ते १९५१ साली.

आनंदवनाची कीर्ती सर्वश्रुत आहे. पण त्याच्या आरंभकाळातली भाजीची हकीकत मला साऱ्या गौरवग्रंथांपेक्षा बोलकी वाटते. रोग्यांनी खडक फोडून विहिरी काढल्या, भाजीपाला पिकविला, गाई पोसल्या, आणि माल वरोऱ्याच्या बाजारात नेला. पण महारोग्यांच्या हातची भाजी आणि दूध घेण्यास गिऱ्हाईक पुढे येईना. पुढे परदेशांतून आंतरराष्ट्रीय सेवासंघाचे तरुण स्वयंसेवक आनंदवनात राहून बांधकामासाठी आले. ते रोग्यांच्या शेजारी काम करीत, तीच भाजी खात, तेच दूध पीत. वरोऱ्याच्या लोकांनी हे पाहिले, आणि हळूहळू बाजारात आनंदवनाच्या भाजीला गिऱ्हाईक लाभू लागले. १८९८ च्या कायद्याने महारोग्यास खाद्यपदार्थ विक्रीसाठी तयार करण्याची बंदी केली होती. ती बंदी गोऱ्या माणसाच्या भीतीतून आली आणि गोऱ्या माणसाच्या जेवणाने शिथिल झाली, असे म्हटल्यास थोडा अन्याय होईल, पण अगदीच खोटे ठरणार नाही. वरोऱ्याच्या मुलांनी मात्र पुढची पायरी स्वतःच चढली. १९६४ साली रोग्यांच्या वसाहतीने आनंद निकेतन महाविद्यालय काढले, आणि ज्यांच्या वडिलांनी भाजी नाकारली होती ती मुले पदवीसाठी त्या आवारात जाऊ लागली. गावाने रोग्यांना शाळा काढून द्यावी ही दया परिचित होती. रोग्यांनी गावाला कॉलेज काढून द्यावे, हा क्रम अगदी नवा होता.

तोवर औषधही आले होते. १९४१ साली अमेरिकेत कार्व्हिल येथे सल्फोन वर्गातील औषधाचे प्रयोग सुरू झाले, दशकाच्या अखेरीस मद्रासजवळ चिंगलपुट येथे डॉ. कॉक्रेन यांनी डॅप्सोन वापरून दाखविले, आणि कडू कवठाच्या तेलाच्या वेदनामय सुया इतिहासजमा झाल्या. वेल्लोर येथे डॉ. पॉल ब्रँड यांनी सिद्ध केले की महारोगात बोटे सडून गळत नाहीत. संवेदना नाहीशी झाल्यामुळे ती भाजतात, कापतात, चिरडतात, एवढेच काय, रात्री झोपेत उंदीर ती कुरतडतात आणि रोग्यास कळत नाही. वाकडी बोटे सरळ करण्याची शस्त्रक्रिया तिथे विकसित झाली, आणि पुण्याजवळ कोंढव्याच्या रुग्णालयात डॉ. नोशीर अंटिया यांनी तिला मोठेच बळ दिले. हजारो वर्षे पातकाचे चिन्ह म्हणून जे पाहिले गेले ते चूल, विळा आणि उंदीर यांचे काम होते.

रोग बरा झाला. माणूस घरी गेला काय? फार थोडे गेले. जमीन भावांच्या नावे चढली होती, बायको माहेरी होती किंवा दुसऱ्याच्या घरी, आणि मुलीच्या सोयरिकीची बोलणी चालू असताना बाप आश्रमातून परत येणे घरास परवडणारे नव्हते. ज्यांना गावाने घेतले नाही त्यांनी शहरांच्या कडेला, रेल्वेरुळांलगत, नाक्यांवर आपल्या वसाहती वसविल्या; त्या वसाहतींत लग्ने झाली, निरोगी मुले जन्मली, आणि शाळेच्या प्रवेशाच्या वेळी पत्ता सांगताच त्या मुलांकडे मास्तर पुन्हा त्याच नजरेने पाहू लागले. कायदाही मागे राहिला नाही. १९५५ च्या हिंदू विवाह कायद्यात उग्र व असाध्य महारोग हे घटस्फोटाचे कारण म्हणून नमूद झाले, डॅप्सोन उपलब्ध असताना. १९५९ च्या मुंबई भिक्षा प्रतिबंधक कायद्यात महारोगी भिकाऱ्यांसाठी स्वतंत्र कलम आले. १९८१ नंतर बहुविध औषधांचा उपचार जगभर मान्य होऊन रोग ठराविक मुदतीत निश्चित बरा होऊ लागला, तरी २००८ साली ओरिसातील नगरपालिकेच्या निवडणुकीपासून महारोग्यास दूर ठेवणारी तरतूद सर्वोच्च न्यायालयाने वैध ठरविली. विधी आयोगाने २०१५ साली या साऱ्या कलमांची झडती घेतली; १८९८ चा कायदा २०१६ साली संसदेने रद्द केला; आणि हिंदू, मुसलमान, ख्रिस्ती व नोंदणी विवाहांच्या कायद्यांतून महारोग हे विवाहविच्छेदाचे कारण २०१९ साली वगळण्यात आले. जंतू हाती आल्यापासून एकशे सेहेचाळीस वर्षांनी.

मधल्या काळात गावोगाव सायकलवरून हिंडणाऱ्या कुष्ठतंत्रज्ञांची एक पिढी होऊन गेली. पाहणी, शिक्षण आणि उपचार ही त्रिसूत्री वर्ध्याच्या प्रतिष्ठानाने घालून दिली होती, आणि तिच्या बरहुकूम हा तंत्रज्ञ घरोघर जाई, चट्टा पाही, गोळ्या देई. त्याची सायकल ज्या दारी थांबे ते दार गावाला कळे. म्हणून रोगी त्याला विनवीत की घरी येऊ नका, बाजाराच्या दिवशी गोळ्या पिंपळाखाली द्या. २००५ च्या अखेरीस रोगाचे प्रमाण दर दहा हजारांत एकाहून खाली आल्याची घोषणा झाली, हे काम सर्वसाधारण आरोग्य केंद्राकडे सोपविले गेले, आणि तापाच्या व खोकल्याच्या गोळ्या ज्या खिडकीवर मिळतात त्याच खिडकीवर या गोळ्याही मिळू लागल्या. जाणते कार्यकर्ते तेव्हा हळहळले, कारण निष्णात माणसे पांगली. रोग्यांची मात्र काही अंशी सुटका झाली. तरीही जगात दरवर्षी आढळणाऱ्या नव्या रोग्यांपैकी निम्म्याहून अधिक याच देशात आढळतात, आणि त्यांत उशिरा येणारे बरेच असतात. स्त्रियांच्या पाठीवरचा सुन्न चट्टा पाहणार कोण? शिवाय आजच्या उपचारातील क्लोफाझिमीन हे औषध घेत असताना कातडी काळवंडते. औषध थांबल्यावर काही महिन्यांनी तो रंग जातो, हे डॉक्टर समजावून सांगतात. पण लग्न ठरत आलेल्या मुलीला तेवढे महिने नसतात. ती गोळ्यांचे पाकीट घेऊन जाते, त्यांतल्या त्या तपकिरी गोळ्या तेवढ्या बाजूला काढते, आणि पुढच्या महिन्यात खिडकीवर विचारले असता सगळ्या घेतल्या असे सांगते.